दोरीला डोकं लागण्याआधी

४ सप्टेंबर

धाकटे,

दोरीखालून चालताना श्वास रोखून धरणाऱ्या सगळ्या मुलींना उद्देशून मी हे लिहू शकले असते. त्या सगळ्यांची तक्रार एकच आहे, आम्हाला कोणी विचारलं नाही. पण त्या सगळ्यांचे पत्ते माझ्याकडे नाहीत, आणि त्यातली एक माझ्याच आईच्या पोटची आहे. म्हणून तुलाच लिहिते. तुला आणि मला, दोघींना कोणी विचारलं नाही. भूक लागली का, दुखतं का, मोठं व्हायचं आहे का, कशाचाही प्रश्न नाही. आपल्याबद्दल ठरवलं गेलं आणि आपल्याला कळवलं गेलं.

आशीर्वाद मागाहून. आधी भांडण.

तू माझा फोन नंबर बंद करून टाकलास. ठीक. कागद बंद करता येत नाही. फार तर फाडता येतो, आणि फाडायच्या आधी माणूस एकदा वाचतोच.

तुझ्या लेकीला, भिंगरीला, वाढ रोखायचं इंजेक्शन द्यायचं ठरलं आहे असं मला कळलं. कुणाकडून, ते विचारू नकोस. या महिन्याच्या पंचवीस तारखेला पहिलं, मग दर महिन्याला एक, पुढच्या वर्षीच्या संघाची निवड होईपर्यंत. म्हणजे तोवर तिचं अंग आहे तिथेच थबकेल. अकरा वर्षांची पोर, जी आत्ता कुठे वाढायला लागली आहे, तिला तू औषध टोचून म्हणणार, थांब, परीक्षक बघतायत.

हे लिहिताना माझ्या डोळ्यांसमोर तू नाहीस, ती दोरी आहे. बाबांनी आपल्या जिम्नॅस्टिक्सच्या हॉलमध्ये, लहान गटाच्या मॅट आणि पलीकडच्या मोठ्या गटाच्या मॅट यांच्या मधल्या दारात ती बांधली. मधोमध मांजराच्या गळ्यातली असते तशी चिमुकली घंटी. मांजराच्या गळ्यात घंटा कोण बांधणार हे जगाला पडलेलं कोडं बाबांनी सोडवलं. त्यांनी ती उंदरांच्या दारात बांधली. महिन्याच्या पहिल्या दिवशी सगळ्या मुलींनी एकेक करून खालून जायचं, ताठ मानेनं. घंटी वाजली नाही तर परत या, बाबा शिकवतील. वाजली तर तिकडेच राहा, तिकडे मदतनीस शिकवेल. किती सोपं! ना परीक्षा, ना वाद. केस ओले करून चापून बसवायचे, गुडघे कळेल न कळेल इतके वाकवायचे, हे आपण पाढ्यांच्या आधी शिकलो.

बाबा गेल्यावर तू हॉल चालवायला घेतलास. फरशी बदललीस, बार बदललेस, छताचे दिवे बदललेस. दोरी मात्र नवी आणून त्याच खिळ्यांना बांधलीस. घंटी तर तीच आहे.

भिंगरीला टोचू नकोस. उत्तर दे. शिव्या दिल्यास तरी चालेल.

ताई


९ सप्टेंबर

धाकटे,

तुझं उत्तर मिळालं. पेन्सिलीनं, आणि इतक्या जोरात लिहिलेलं की कागदाला मागून हात लावला तरी वाचता यावं. तू लिहितेस, "ताई, तुझ्याकडे भाषणं आहेत, माझ्याकडे मुलगी आहे. मी तिला उपाशी ठेवत नाही. तिला दूध, अंडी, केळी, हवं ते मिळतं. बाबांनी माझ्याकडून जे भुकेनं करून घेतलं ते आता औषधानं होतं, आणि पोटाला चिमटाही बसत नाही. मी बाबा नाही. हॉलच्या डॉक्टरांनी लिहून दिलंय, त्याची नक्कल सोबत. वाच आणि गप बस."

वाचलं, आणि खरंच गप्प बसले. माझ्यासारखी बाई गप्प बसते म्हणजे काय हे तुला सांगायला नको. कारण तू खोटं बोलत नाहीस. तू उकडलेल्या अर्ध्या बटाट्यावर दिवस काढायचीस आणि बाबा कौतुकानं पाहुण्यांना सांगायचे, "हिला भूकच लागत नाही." आपल्या लेकीच्या ताटात तू तसलं काही येऊ दिलं नाहीस. हे मी मान्य करते, आणि सभेत उभं राहूनही मान्य करेन. तुला वाटतं की तू दयाळू मार्ग शोधलास. माझं भांडण तुझ्या दयेशी आहे.

तुमच्या डॉक्टरांच्या चिठ्ठीत एकच वाक्य कामाचं आहे. "सदर औषध यौवनारंभापूर्वी सुरू करण्यास हरकत नाही." यौवनारंभापूर्वी! मी हा शब्द तीनदा वाचला. मग चिठ्ठी घेऊन ग्रंथींच्या डॉक्टरीणबाईंकडे गेले. माझ्या सभांना त्या येतात, शेवटच्या रांगेत बसतात आणि माझ्या चुका टिपून ठेवतात, म्हणून माझा त्यांच्यावर विश्वास आहे.

त्यांच्या खोलीबाहेर छोट्या खुर्च्या आहेत. तिथे सहा-सात वर्षांची एक मुलगी आईच्या मांडीवर बसून पाय हलवत होती. तिचा खांदा आईच्या खांद्याला लागत होता. बाई मला आत म्हणाल्या, "हिला पाहिलंत? हिचं शरीर दुसरीच्या वर्गात असतानाच घाईला आलंय. ते औषध हिच्यासाठी आहे. हिच्यासाठी ते वरदान आहे."

मी चिठ्ठी पुढे केली. त्यांनी चष्मा वर करून वाचली.

"हा शब्द कोणी वापरला?"

"एका डॉक्टरांनी. का, चुकीचा आहे?"

"शब्द उत्तम आहे. आम्ही रोज वापरतो. पण हा शब्द 'कधी' या प्रश्नाचं उत्तर आहे, आणि ते उत्तर कॅलेंडरवर नसतं. एखादं हाड यौवनारंभापूर्वी मोडलं, एखादी शस्त्रक्रिया यौवनारंभापूर्वी झाली, एखादं औषध यौवनारंभापूर्वी दिलं, असं आम्ही लिहितो तेव्हा आम्ही शपथेवर सांगत असतो की त्या वेळी त्या मुलाच्या मेंदूतली घंटा वाजलेली नव्हती. शरीर तपासल्याशिवाय हे लिहिता येत नाही. या डॉक्टरांनी मुलीला तपासलं?"

"ते मला माहीत नाही. मुलगी अकरा वर्षांची आहे. दिसायला लहानखुरी."

त्या हसल्या. "लहानखुरी म्हणून यौवनारंभापूर्वी? मग मलाही लिहा ना. मी अजून वरच्या फळीवरचा डबा स्टुलावर चढून काढते."

मग त्यांनी मला जे सांगितलं ते तू नीट वाच. पाळी येणं ही सुरुवात नव्हे. पाळी येते तेव्हा अर्ध्याहून जास्त रस्ता संपलेला असतो. सुरुवात होते त्याच्या दोन-अडीच वर्षं आधी, चोरपावलांनी. छातीवर एक छोटी, दुखरी गाठ, बस. आठ ते तेरा या वयात केव्हाही. त्या दिवसापासून तो शब्द त्या मुलीला लागू होत नाही. त्यापुढचं सगळं 'यौवनारंभापूर्वी' नाही, 'यौवनारंभानंतर'ही नाही, ते 'दरम्यान' आहे, आणि त्या दरम्यानच्या वर्षांतच हाडं भरतात. आयुष्यभराची भर त्या थोड्या वर्षांत. तेव्हा विनाकारण लगाम घातला तर पुढे काय होईल याची खात्री कोणी देऊ नये, असं त्या म्हणाल्या.

मी त्यांना एका बाईची गोष्ट सांगितली. नाव सांगितलं नाही. म्हटलं, एकीला पाळी एकोणिसाव्या वर्षी आली, आणि मागच्या वर्षी चहाची किटली उचलताना तिचं मनगट मोडलं. पडली नाही, आपटली नाही. नुसती किटली उचलली.

त्या म्हणाल्या, "मनगट मागच्या वर्षी मोडलं असेल. मोडायला सुरुवात बाराव्या-तेराव्या वर्षी झाली."

तू मनगटावर जो रुंद पट्टा बांधतेस आणि मुलींना सांगतेस की तो पकडीसाठी आहे, त्याबद्दल मी कुणाला बोललेली नाही.

आता माझा एकच प्रश्न. तुमच्या डॉक्टरांनी भिंगरीला तपासलं, की तुला विचारलं?

ताई


१४ सप्टेंबर

धाकटे,

तर त्यांनी तुला विचारलं. "पाळी आली का?" तू म्हणालीस नाही. त्यांनी लिहिलं, यौवनारंभापूर्वी. खेळ खलास.

आणि वर तू मला लिहितेस, "पाळी नाही म्हणजे अजून आधीच ना? आणि दोरीला डोकंही लागलेलं नाही. अजून दोन बोटं आहेत. मी पोरी मोजण्यात आयुष्य घालवलंय, मला 'आधी' कशाला म्हणतात ते शिकवू नकोस."

शिकवावं लागणार. कारण ही चूक तुझ्या एकटीची नाही, आपल्या घराण्याची आहे. आपल्या हॉलमध्ये 'आधी' म्हणजे दोरीखाली. जी दोरीखालून जाते ती लहान, मग तिच्या अंगात काहीही चालू असो. बाबांनी ते सुतारासारखं मापलं, तू तुझ्या डॉक्टरकडून त्यावर शिक्का मारून घेतलास. पण शरीराला ती दोरी दिसत नाही, धाकटे! तुझंच घे. तू सोळा वर्षांची होईपर्यंत दोरीखालून गेलीस. म्हणून काय तू सोळा वर्षं 'आधी' होतीस? तुझ्या आत केव्हाच सुरुवात झाली होती आणि आपण तिच्या तोंडात बोळा कोंबला होता.

तू म्हणशील, ताईला पुस्तकांतलं वेड लागलं. लागलंय. एके काळी दूरच्या देशांत गोड गळ्याच्या मुलांवर शस्त्रक्रिया करत. का, तर आवाज फुटू नये. देवळात गाणं बाईनं गायचं नाही आणि वरचा सूर तर हवा, म्हणून पोर कापायचा. सगळी कला 'आधी' या एका शब्दावर उभी होती. आवाज फुटण्याआधी केलं तर गवई, नंतर केलं तर नुसताच जखमी मुलगा. आणि तिथेही बापच पोराचा हात धरून घेऊन यायचा, तिथेही लोक टाळ्या वाजवायचे. मी वाचलंय त्यावरून सांगते, ज्या ज्या धंद्यात मोठ्यांना मुलांचं शरीर 'वेळेच्या आधी' हवं असतं, त्या धंद्याच्या मालकांना मी एकदा भर चौकात उभं करून विचारणार आहे, तुमची स्वतःची वेळ कोणी थांबवली होती का?

तुझी थांबवली होती, हे मला ठाऊक आहे. म्हणूनच हे पत्र चौकातून नाही, पोस्टातून येतं.

आता जे मी लपवलं होतं ते सांगते, कारण लपवून तुझ्याशी जिंकण्यात मजा नाही. इंजेक्शनचं मला भिंगरीनं सांगितलं. ती मला फोन करते. हॉलच्या ऑफिसातून, तू लहान गटाचे पाय ताणून घेत असतेस तेव्हा. गेल्या महिन्यात तिनं फोन केला आणि कुजबुजत म्हणाली, "मावशी, तू खूप वाचतेस ना? मग सांग. बारवर छाती आपटली की आता खूप दुखतं. आधी नव्हतं दुखत. गाठ आहे. मला काही वाईट झालंय का? मी मरणार का?"

तुझी मुलगी, जिला तू रोज चार तास डोळ्यांत तेल घालून बघतेस, ती आपण मरणार का हे मावशीला फोनवर विचारते. मी तिला म्हटलं, "वेडे, तू मरत नाहीयेस, तू वाढतेयस." ती म्हणाली, "हे आईला सांगू नकोस."

सांगितलं. मी तिचा शब्द मोडला. कारण आता तुझ्या डॉक्टरांचा तो शब्द खोटा ठरला आहे, आणि हे तुला पंचवीस तारखेच्या आधी कळायला हवं.

बावीस तारखेला क्रीडाशिक्षकांच्या सभेत माझं भाषण आहे. तुमच्या संघटनेचे सगळे लोक पहिल्या रांगेत असतील. तोवर तू मला 'नाही देत' असं लिहून कळवलं नाहीस, तर मी हॉलचं नाव घेऊन बोलेन. चिठ्ठी वाचून दाखवेन. ही धमकी आहे. गोड शब्दांत गुंडाळत नाही.

ताई


१८ सप्टेंबर

धाकटे,

हे घेऊन येणारी माझी शेजारीण आहे. तिच्यावर ओरडू नकोस, तिचा काही दोष नाही. हॉलच्या फोनवर निरोप ठेवला आहे, पण ऑफिसात कोणी उचलत नाही, सगळे तिला शोधत असणार.

भिंगरी माझ्याकडे आहे. सुखरूप आहे. शाळा सुटल्यावर हॉलकडे न जाता उलट्या बाजूची बस पकडून आली. मी बोलावलं नव्हतं. मी तिला पळवलेलं नाही, आणि पळायला तर तिला तूच शिकवलंस.

ती माझ्यावर चिडली आहे. जेवत नाही. मी काही विचारलं की पाठ फिरवून भिंतीकडे तोंड करते आणि हातांवर उभी राहते. उलटी उभी राहूनच बोलते. आत्ताही तशीच आहे.

अंधार पडायच्या आत आणून सोडते. दार उघड, इतकंच मागणं.

ताई


२० सप्टेंबर

धाकटे,

परवा तू दार उघडलंस, तिला आत घेतलंस आणि माझ्या तोंडावर लावलंस. लावायच्या आधी एक वाक्य बोललीस. "ताई, तुला माइक मिळाला की घरचं काय आणि दारचं काय." मी जिना उतरले. खाली बराच वेळ उभी होते. वर दिवा लागला, मग मी निघाले.

हे मी हॉलसमोरच्या बाकावर बसून लिहिते आहे. दुपार आहे, हॉल बंद आहे. लिहून झालं की दाराच्या फटीतून आत सरकवेन. तुला ते पायाखाली मिळेल.

बावीस तारखेला मी भिंगरीबद्दल बोलणार नाही. हॉलबद्दल नाही, चिठ्ठीबद्दल नाही. हे तुझ्या भीतीनं नाही. परवा घडलं ते असं.

ती आली ती दारातूनच कडाडली, "तू आईला सांगितलंस!" मी म्हटलं, हो. "आणि आई म्हणते तू सभेत सांगणार. माझ्या अंगाबद्दल तू माइकवर बोलणार? इतक्या सगळ्या सरांच्या समोर? मला विचारलंस?"

मला विचारलंस! आपलंच वाक्य. तुझ्या-माझ्या छातीत तीस वर्षं अडकलेलं, आणि ते माझ्या भाचीनं माझ्याच तोंडावर फेकलं.

म्हटलं, "बरं. आता विचारते. ते इंजेक्शन तुला हवंय?"

"हवंय."

धाकटे, मी या उत्तरासाठी तयार नव्हते. माझ्याकडे नकाराचं भाषण तयार होतं. ती नको म्हणणार, मी तिचा हात धरून तुझ्यापुढे उभी राहणार, असं मी मनात सगळं सजवून ठेवलं होतं. आणि ती हातांवर उभी राहून, केस जमिनीवर लोळवत म्हणते, हवंय.

"का गं?"

"दोन बोटं राहिलीत म्हणून."

"राहिली तर राहिली. तू पलीकडच्या गटात जाशील. तिथे मोठे बार आहेत, मोठ्या उड्या आहेत."

"पलीकडे आई नसते."

मला वाटलं नीट ऐकू आलं नाही. म्हटलं, "काय?"

"आई फक्त अलीकडच्यांना शिकवते. घंटी वाजली की ती हात करते, जा तिकडे. मग ती त्या मुलीकडे बघत पण नाही. मी पाहिलंय. ती उंच मुलगी होती ना, जिला आई सगळ्यांत जास्त ओरडायची? घंटी वाजल्यावर तिला एकदाही ओरडली नाही."

"पण तू तर तिची मुलगी आहेस. घरी आहेच की ती."

"घरी आई झोपते. किंवा मनगटाला शेक देत बसते. माझ्या बाबांचा बोटीवरून फोन आला तर त्यांच्याशी बोलते. माझ्याशी फक्त हॉलमध्ये बोलते." मग ती पायांवर आली, चेहरा लालबुंद, आणि मला समजावणीच्या सुरात म्हणाली, जणू मीच अकरा वर्षांची, "इंजेक्शन घेतलं की मी अजून एक वर्ष अलीकडे राहीन, मावशी. दुखत असलं तरी चालेल."

तिला निवडीचं काही पडलेलं नाही, धाकटे. पदकाचंही नाही. तू ज्या परीक्षकांसाठी तिला थांबवायला निघालीस त्या परीक्षकांचा तिच्या हिशोबात पत्ताच नाही.

आता माझी घंटी वाजली तो दिवस आठव. मी तेरा वर्षांची होते. केस ओले केले होते, गुडघे वाकवले होते, तरी वाजली. बाबांनी मान वर न करता हात केला, तिकडे. बस. त्या दिवसापासून जेवताना ते तुझ्याशी बोलायचे, तुझ्या उडीबद्दल, तुझ्या टाचांबद्दल. मला म्हणायचे, "पाणी दे." तुला वाटलं मी सुटले. मला वाटलं तू जिंकलीस. मी त्या रागात घर सोडलं, व्यासपीठावर चढले आणि आजवर उतरले नाही, आणि तू त्या भीतीत अर्ध्या बटाट्यावर राहिलीस आणि आजवर त्या हॉलमधून बाहेर पडली नाहीस. एकोणिसाव्या वर्षी तुला पाळी आली तेव्हा तू रडत मला कळवलं होतंस, "ताई, आता बाबा मला काय म्हणतील?" ते आजारी होते, तरी तुला तीच काळजी. आपण दोघी इतकी वर्षं भांडतोय की कोणाचं जास्त नुकसान झालं. त्या घरात माया जमिनीपासून काही फुटांवर संपायची, एवढंच झालं होतं. त्याच्या वर डोकं गेलं की माया संपली. 'आम्हाला विचारलं नाही' ही आपली तक्रार मी पहिल्या पत्रात लिहिली, ती अर्धीच होती. विचारलं असतं तर मी काय सांगितलं असतं? मीही हेच म्हटलं असतं. हवंय, थांबवा मला, पण माझ्याकडे बघा.

म्हणून भिंगरीचं 'हवंय' मी तिचं उत्तर मानत नाही. घंटीखाली उभ्या असलेल्या मुलीला विचारून मिळालेला होकार हा घंटीचा होकार आहे. आणि उद्या कोणी मला म्हणालं की बाई, मुलीची इच्छा होती, तर मी त्याला हेच सांगेन, गरज पडली तर ओरडून.

माझं मत बदललेलं नाही. ते औषध वेळेआधी घाईला आलेल्या छोट्यांसाठी आहे, वेळेवर आलेल्या भिंगरीसाठी नाही. तिच्याबाबतीत 'यौवनारंभापूर्वी' हा शब्द कोणीही, कुठल्याही कागदावर, यापुढे खरेपणानं लिहू शकत नाही. डॉक्टरीणबाईंनी चोवीस तारखेला तिच्यासाठी वेळ राखून ठेवली आहे. त्या तपासतील, तिच्याशी बोलतील, तू सोबत असशील, मी नसेन. तू तिला तिथे नेलंस तर मला आनंद होईल. पण त्यासाठी मी हे पत्र लिहीत नाही. तू तिथे गेलीस आणि दारातली दोरी तशीच राहिली तर ही पोर बटाटा अर्धा करायला शिकेल. कोणी न शिकवता. तू कुठे शिकवणीला गेली होतीस?

तेव्हा एकच मागते.

ती दोरी काढ.

मी काढू शकते. या बाकावरून उठून, मदतनीसाकडून किल्ली मागून आत गेले तर मला स्टूलही लागायचं नाही, नुसता हात वर केला की पोचेल. बाबांनी ज्या उंचीसाठी मला पलीकडे हाकललं ती उंची आज कामी येईल. पण मी काढली तर तू नवी आणून बांधशील. बाबांची गेली तेव्हा बांधलीसच की.

तू काढायला हवी. तुझ्या मनगटानं ती गाठ सुटणार नाही, ओढत बसू नकोस, कात्री घे. घंटी खाली पडेल, वाजेल. वाजू दे. शेवटची वाजेल. आणि मुली येतील तेव्हा दाराच्या मधोमध उभी राहा, अलीकडच्या मॅटवर नाही, पलीकडच्या मॅटवर नाही, उंबऱ्यावर. भिंगरीला तू तिथे दिसायला हवीस. मग तिला विचार, इंजेक्शन हवंय का. मी पैजेवर सांगते, तिचं उत्तर तुला या पत्राहून मोठं भाषण वाटेल.

उद्या सकाळी मुली साडेसहाला येतात. तू सहाला ये. त्या येण्याआधी दोरी काप.

ताई